रामरक्षेत खंड पडला म्हणून बाळाला ताप आला का?

आधी प्रश्न थोडक्यात सांगते, म्हणजे नंतर वाचणाऱ्यांनाही संदर्भ लागेल. विचारणाऱ्या ताई जर्मनीत असतात. बाळ आठ महिन्यांचं आहे. सासूबाईंनी सांगितलं म्हणून गेले तीन महिने त्या रोज दिवेलागणीला बाळाला मांडीवर घेऊन रामरक्षा म्हणतात. मागच्या आठवड्यात स्वतःच आजारी पडल्यामुळे तीन दिवस राहिली आणि चौथ्या दिवशी बाळाला ताप आला. त्याच सुमाराला घरच्या ग्रुपवर कुणीतरी मेसेज टाकला की स्तोत्राचे उच्चार चुकले तर उलट परिणाम होतो, आणि यांच्या लक्षात आलं की आपण इतके दिवस ‘मखत्राता’च्या जागी ‘मुखत्राता’ म्हणतोय. आता प्रश्न असे: खंड पडल्यामुळे हे झालं का? चुकीच्या उच्चाराचा दोष लागला का? मोबाईलवर लावून ठेवली तर चालेल का? आणि शेवटचं वाक्य, “आता रामरक्षा म्हणायलाच भीती वाटते.”

ताई, माझ्या दृष्टीने तुमचा खरा प्रश्न हे शेवटचं वाक्य आहे. बाकीचे तीन त्याच्या पोटातले.

मी नाशिकला राहते, पौरोहित्य करते आणि गेली पंचवीस वर्षं स्तोत्रपाठांतराचे वर्ग घेते. रामरक्षा, देवीकवच, नारायणकवच, भीमरूपी हे सगळं रोजच्या राबत्यातलं. त्या अनुभवावरून सांगते आहे; तुमच्या घरचे कुलगुरू वेगळं सांगत असतील तर तेही ऐकून घ्या. मात्र एक गोष्ट कुणालाही न विचारता करायची. बाळाला ताप आला की थर्मामीटर, डॉक्टर, औषध. ते झाल्यावर किंवा ते चालू असताना शेजारी बसून रामरक्षा. माझ्या आजीच्या घरातही हाच क्रम होता. कपाळाला अंगारा लागायचा आणि वैद्याकडे माणूसही जायचा. एकामुळे दुसरं कधी थांबलं नाही.

आता खंडाबद्दल. इथे थोडं परिस्थितीवर अवलंबून आहे, म्हणून ‘काही होत नाही हो’ असं सरसकट म्हणणार नाही. आपल्याकडे कर्मांचे ढोबळ तीन प्रकार मानतात: नित्य, नैमित्तिक आणि काम्य. हातात पाणी घेऊन, देश-काल उच्चारून, ‘अमुक कामनेसाठी इतके पाठ करीन’ असा संकल्प सोडला असेल तर ते काम्य झालं. तिथे संख्या आणि नेम पाळायचा असतो. आमच्याकडे गुढीपाडव्यापासून रामनवमीपर्यंत रामरक्षेचं अनुष्ठान करतात, कुणी रोज तेरा पाठ, कुणी अकरा. त्यात एखादा दिवस चुकला तर दुसऱ्या दिवशी भरून काढायचा, अगदीच जमलं नाही तर देवापुढे क्षमा मागून पुन्हा आरंभ करायचा. तिथेसुद्धा ‘खंड पडला म्हणून घरातलं कुणी आजारी पडेल’ असं मला कुणी शिकवलेलं नाही. अनुष्ठान अपुरं राहिलं, इतकंच. तसंच कुणाला गुरूंकडून बीजमंत्रासह एखादं कवच मिळालेलं असेल तर त्याचे नियम ज्याने दिलं त्यालाच विचारावेत.

तुमचं यातलं काहीच नाही. तुम्ही रोज संध्याकाळी दिवा लावता आणि बाळाला घेऊन स्तोत्र म्हणता. हा घरचा नित्यपाठ. तुम्ही अंथरुणाला खिळलेल्या असताना तो राहिला, तर राहिला. देवाकडे हजेरीपट नाही.

राहता राहिला ताप. तुम्हीच लिहिलंय की आधी तुम्ही आजारी होतात. आईला सर्दी-ताप आणि चार दिवसांनी अंगावरच्या बाळाला ताप, याचं कारण शोधायला रामरक्षेपर्यंत जावं लागत नाही.

आता तो मेसेज. बहुधा त्यात ‘मन्त्रो हीनः स्वरतो वर्णतो वा’ हा श्लोक असेल. तो ‘पाणिनीय शिक्षा’ या उच्चारशास्त्राच्या जुन्या ग्रंथातला आहे, आणि त्याचा अर्थ खरोखरच असा आहे की स्वर किंवा वर्ण चुकलेला मंत्र वज्र होऊन यजमानालाच मारतो. पण पुढचा शब्द लोक वाचत नाहीत: ‘यथेन्द्रशत्रुः’. उदाहरण आहे त्वष्ट्याच्या यज्ञाचं. इंद्राला मारणारा पुत्र व्हावा म्हणून त्याने आहुती दिली, ‘इन्द्रशत्रो विवर्धस्व’. त्याला म्हणायचं होतं ‘इंद्राचा मारणारा’. तत्पुरुष समास, उदात्त म्हणजे उंच स्वर शेवटच्या अक्षरावर. उच्चारात स्वर पहिल्या अक्षरावर पडला, समास बहुव्रीही झाला आणि अर्थ उलटला: ‘इंद्र ज्याचा मारणारा आहे तो’. वृत्र जन्मला आणि इंद्राच्या हातून मेला.

म्हणजे हा सगळा मामला वैदिक मंत्रांच्या उदात्त-अनुदात्त स्वरांचा आहे. तेही यज्ञात, तेही कुणाला तरी मारण्याच्या हेतूने केलेल्या. रामरक्षा लौकिक संस्कृतातलं स्तोत्र आहे. तिला वैदिक स्वर नाहीतच, मग ते चुकणार कुठून? बुधकौशिक ऋषी, अनुष्टुप् छंद, सीता शक्ती, हनुमान कीलक, असा विनियोग सुरुवातीला आहे खरा, पण पठणाची शिस्त स्तोत्राची. पंधरावा श्लोक सांगतो की शंकरांनी स्वप्नात रामरक्षा सांगितली आणि बुधकौशिकांनी सकाळी उठून ती जशीच्या तशी लिहून काढली. स्वप्नात ऐकलेलं सकाळी उतरवलेलं स्तोत्र एका मात्रेवरून आईवर उलटेल, हे मला तरी पटत नाही.

उच्चार सुधारायचेच नाहीत असं मात्र मी म्हणत नाही. मी तर त्याचेच वर्ग घेते! ‘घ्राणं पातु मखत्राता मुखं सौमित्रिवत्सलः’ ही ओळ निम्म्या महाराष्ट्राची चुकते, कारण पुढचं ‘मुखं’ जिभेला आधीच ओढून घेतं. मख म्हणजे यज्ञ. विश्वामित्रांचा यज्ञ राखणारा तो मखत्राता. दुसरी नेहमीची चूक ‘ऊरू’ची. मराठी कान त्याला ऊर समजतो आणि लोक छातीला हात लावतात. ऊरू म्हणजे मांड्या. तिसरी आपल्या ‘ज’ची. ‘जानुनी’, ‘जङ्घे’ यांतला ज ‘जीवन’मधला, ‘जवळ’मधला नव्हे. तसाच ‘चरितं’मधला च ‘चंद्र’मधला, ‘चमचा’मधला नाही. ‘पातु’चा उ ऱ्हस्व. आपण मराठीच्या सवयीने ‘पातू’ असा लांबवतो. एवढं केलंत तरी पुष्कळ झालं. आणि शेवटी म्हणायचा क्षमापनेचा श्लोक आपल्या परंपरेने दिलेलाच आहे, ‘यदक्षरपदभ्रष्टं मात्राहीनं च यद्भवेत्’. अक्षर गळेल, मात्रा चुकेल, हे गृहीत धरूनच तो रचलाय.

या बाबतीत मीही चुकले आहे. वर्ग सुरू केले तेव्हा मी नवी होते आणि शुद्धतेचं वारं अंगात होतं. आमच्या आळीतल्या एक आजी यायच्या, वय पंचाहत्तरच्या पुढे, अक्षरओळख नाही, सगळं कानाने पाठ. त्यांचे दहा-बारा शब्द चुकीचे होते. मी प्रत्येक वेळी थांबवून दुरुस्त केले, चारचौघांत. तिसऱ्या आठवड्यापासून आजी आल्या नाहीत. पुढे त्यांच्या सुनेकडून कळलं की त्यांनी घरीही रामरक्षा म्हणणं सोडलं, ‘माझी चुकते, देवाला नको ऐकवायला’ म्हणून. मी घरी जाऊन पाया पडले, समजूत घातली. त्यांनी पुन्हा सुरू केली, पण आधीसारखी मोकळ्या गळ्याने नाही, ओठांतल्या ओठांत. तेव्हापासून माझ्या वर्गात पहिले दोन महिने कुणाचीही चूक काढायची नाही, असा नियम आहे. तो मेसेज पाठवणाऱ्याला हे माझ्यातर्फे जरूर सांगा.

आता जरा मुळाकडे येऊ, कारण कवच म्हणजे काय हे कळलं की भीती आपोआप सैल होते असा माझा अनुभव आहे. रामरक्षेचे श्लोक अडतीस. त्यांतला कवचाचा गाभा चौथ्या श्लोकाच्या मध्यापासून नवव्यापर्यंत, फार तर दीड-दोन मिनिटांचा. डोक्यापासून पायापर्यंत एकेक अवयव घ्यायचा आणि रामाच्या एकेका नावाकडे सोपवायचा. ‘पातु’ हे ‘पा’ म्हणजे रक्षण करणे या धातूचं आज्ञार्थी रूप. ‘रक्षण करो.’ या साडेपाच श्लोकांत ते अकरा वेळा येतं. ‘मे’, म्हणजे माझं, फक्त एकदाच, सुरुवातीला, ‘शिरो मे राघवः पातु’. पुढे नुसते डोळे, कान, नाक, जीभ. म्हणून मुलांसाठी म्हणताना शब्द बदलायचे का, असं कुणी विचारलं तर मी नको म्हणते. बाळ मांडीवर आहे, तुमचा हात त्याच्या डोक्यावर आहे. त्या ‘मे’मध्ये ते मावतं.

आणि ही नावं कशीही ओवलेली नाहीत. नीट पाहा, मस्तकापासून पावलांपर्यंत उतरताना जवळजवळ क्रमाने सगळं रामायण उतरत येतं. डोक्याशी राघव, म्हणजे कूळ. कपाळाशी दशरथाचा मुलगा, डोळ्यांशी कौसल्येचा. मग कानांशी विश्वामित्रप्रिय, कारण गुरूचं ऐकलं ते कानांनीच. नाकाशी मखत्राता. यज्ञाचा धूर जिथे आधी पोचतो तिथे यज्ञ राखणारा, असं आपलं मी वर्गात सांगते. टीकाकारांचा आधार विचाराल तर नाही, माझं वाचन आहे. जिभेशी विद्यानिधी. भुजांशी भग्नेशकार्मुक, शिवधनुष्य मोडणारा, आणि लगेच हातांशी सीतापती, म्हणजे धनुष्य मोडलं आणि पाणिग्रहण झालं. हृदयाशी जामदग्न्यजित्, लग्नाहून परतताना परशुरामांसमोर न डगमगलेला.

मग ‘मध्यं पातु खरध्वंसी’. इथे आम्हा नाशिककरांचा कान टवकारतो. खर-दूषण आणि त्यांचे चौदा हजार राक्षस जनस्थानात पडले असं वाल्मीकी सांगतात, आणि आमची परंपरा जनस्थान म्हणजे हीच पंचवटी मानते. तिथून खाली नाभीशी जांबवान, कमरेशी सुग्रीव, त्याखाली हनुमान. गुडघ्यांशी सेतू बांधणारा, पोटऱ्यांशी दशमुखाचा अंत करणारा, आणि पायांशी कोण? ‘बिभीषणश्रीदः’. शत्रूचा भाऊ पायाशी शरण आला त्याला राज्य देणारा.

म्हणजे तुम्ही रोज संध्याकाळी बाळाच्या अंगावरून हात फिरवत त्याला एक आख्खी गोष्ट घालता. त्या गोष्टीतल्या माणसाला वनवास चुकला नाही, बायकोचा वियोग चुकला नाही, भाऊ रणात मूर्च्छित पडायचा राहिला नाही. ज्याच्या नावाचं कवच घालायचं त्याच्याच वाट्याला हे सगळं आलं. मग ‘कवच घातलं की काहीच होणार नाही’ ही अपेक्षा आली कुठून? मला वाटतं, फलश्रुतीतून, म्हणजे पठणाचं फळ सांगणाऱ्या श्लोकांतून, आणि ती घाईघाईने वाचल्यामुळे. ‘स चिरायुः सुखी पुत्री विजयी विनयी भवेत्’ यातलं चिरायु, सुखी, विजयी सगळ्यांना ऐकू येतं. शेवटचं ‘विनयी’ कुणी थांबून वाचत नाही. विम्याच्या पॉलिसीत कुणी विनयाची हमी दिलेली मी पाहिली नाही!

नारायणकवचाची कथा तर याहून स्पष्ट आहे. भागवताच्या सहाव्या स्कंधात, आठव्या अध्यायात विश्वरूप इंद्राला ते कवच शिकवतो आणि इंद्र असुरांना जिंकतो. तिथेच कौशिक नावाच्या ब्राह्मणाची गोष्ट येते. कवच धारण करणारा, तरी त्याचा देह वाळवंटात पडला. पुढे चित्ररथ गंधर्वाचं विमान त्या अस्थींवरून जाताना आकाशातून खाली आलं, आणि त्या अस्थी सरस्वतीत सोडल्यावरच त्याची सुटका झाली. कवचाचा महिमा सांगणारी गोष्ट, पण महिमा सांगताना कवच धारण करणारा मरण पावला हे ती लपवत नाही. आणि पुढच्याच अध्यायात इंद्र त्याच विश्वरूपाचं, कवच शिकवणाऱ्या आपल्या पुरोहिताचं, डोकं उडवतो. मग ब्रह्महत्या भोगतो. विश्वरूपाचा बाप कोण? त्वष्टा. वर सांगितलेला ‘इन्द्रशत्रो’ म्हणणारा यज्ञ त्याने या मुलाच्या मरणावरूनच केला. तुमच्या ग्रुपवरचा श्लोक आणि कवचाची कथा एकाच घरातल्या निघतात त्या अशा.

मग रक्षण होतं म्हणजे नक्की काय होतं? मी माझ्यापुरतं सांगते. वडील अतिदक्षता विभागात होते तेव्हा नऊ दिवस मी बाहेरच्या बाकावर रामरक्षा म्हटली. वडील गेले. त्यानंतर वर्गातल्या एका मुलीने विचारलं, “मग बाई, रक्षा कुणाची झाली?” मी तिला म्हटलं, त्या नऊ दिवसांत मी डॉक्टरांशी नीट बोलू शकले, आईला जेवू घालू शकले, भावाशी भांडले नाही आणि रात्री दोन तास का होईना झोपले. ‘रक्षणाय मम रामलक्ष्मणावग्रतः पथि सदैव गच्छताम्’ असं विसाव्या श्लोकात आहे, रामलक्ष्मण वाटेत माझ्यापुढे चालोत. वाट चालायची माझीच होती. याहून जास्त काही घडतं असं मानणारे लोक आहेत, त्यांत माझे गुरूही होते, आणि त्यांची श्रद्धा मी खोटी म्हणणार नाही. पण रामरक्षा न म्हटल्याने राम शिक्षा करतो असं गुरूही कधी म्हणाले नाहीत.

मोबाईलचं म्हणाल, तर लावा की. आजारी असाल, बाळ कडेवर रडत असेल, तेव्हा कुणाच्या तरी चांगल्या आवाजातली लावून ठेवावी. उच्चारही कानावर बसतात. फक्त रोजच तसं करू नका. आठ महिन्यांच्या बाळाला संस्कृत कळत नाही, मखत्राता आणि मुखत्राता यांतला फरक तर नाहीच नाही. त्याला तुमचा आवाज कळतो, अनुष्टुभाच्या आठ-आठ अक्षरांचा झोका कळतो आणि अंगावरून फिरणारा हात कळतो. मोबाईलला हात नाहीत.

विचारलेलं नाही, पण पुढे विचाराल म्हणून सांगते: पाळीच्या दिवसांत चालेल का? माझ्या मते चालेल. पूजेतल्या सोवळ्याओवळ्याचे नियम ज्याच्या त्याच्या घरचे, नामाला ते लागत नाहीत. आमच्याच गावात काळारामाच्या दारात आत जाऊ द्या म्हणून 1930 साली डॉ. आंबेडकरांच्या नेतृत्वाखाली लोकांना सत्याग्रह करावा लागला, आणि तो वर्षानुवर्षं चालला. रामाच्या नावावर कुंपणं घालायची हौस आपल्याला जुनी आहे. तुम्ही त्यात आणखी एकाची भर घालू नका. आणि ‘सिद्ध केलेलं कवच’ म्हणून इंटरनेटवर जी ताम्रपत्रं आणि लॉकेट विकतात, ती तुमच्यासारख्या घाबरलेल्या आयांच्याच जिवावर खपतात, एवढं ध्यानात ठेवा.

आता उद्यापासून काय? पूर्ण रामरक्षेला दहा-बारा मिनिटं लागतात. जमेल तेव्हा पूर्ण म्हणा. थकला असाल तर नुसता कवचाचा गाभा आणि शेवटचा ‘राम रामेति रामेति’. तेही नको वाटलं तर भीमरूपी म्हणा, समर्थांनी ती मराठीतच लिहिली आहे, तिथे उच्चाराचं भय नाही. सासूबाईंना आठवड्यातून एकदा व्हिडिओ कॉल लावा आणि त्यांना म्हणू द्या, तुम्ही मागून म्हणा. त्यांनाही बरं वाटेल, आणि मला शंका आहे की त्याही ‘मुखत्राता’च म्हणत असतील. असतील तर दुरुस्त करू नका.

आणि बाळ आठ महिन्यांचं म्हणजे आता रांगायला लागलं असेल किंवा लागेल. तेव्हा आज ताप उतरला असेल तर डोक्यापासून न करता गुडघ्यांपासून सुरुवात करा. दोन्ही गुडघ्यांवर हात ठेवून ‘जानुनी सेतुकृत्पातु’. ज जीवनातला.